जे दान करता येत नाही

वाद मरोळच्या ईस्ट इंडियन कुटुंबातला असो, घाटकोपरच्या जैन घरातला असो, बोरीवलीच्या मराठी दांपत्यातला असो की अंधेरीच्या मुस्लिम जोडप्यातला, मुलाच्या ताब्याचा प्रश्न शेवटी वांद्र्याच्या फॅमिली कोर्टात येतो. तिथे पोचेपर्यंत प्रत्येकाचा कायदा वेगळा असतो. हिंदूंसाठी, आणि कायद्याने त्यांच्यात धरलेल्या जैन, बौद्ध, शिखांसाठी, १९५६ चा अज्ञानत्व व पालकत्व कायदा. ख्रिस्ती लोकांसाठी १८६९ चा घटस्फोट कायदा. पारशांसाठी १९३६ चा. मुसलमानांसाठी हिजानतचे, म्हणजे मुलाच्या सांभाळाचे, नियम. नोंदणी विवाह केलेल्यांसाठी १९५४ चा विशेष विवाह कायदा. आणि या सगळ्यांच्या पाठीशी १८९० चा पालक व पाल्य कायदा. इतक्या वाटांनी आत आलेल्या माणसांना न्यायाधीश एकच गोष्ट सांगतात: मुलाचे हित सर्वांत वर. वकिलांना हे वाक्य पाठ असते, दोन-चार तारखांनंतर पक्षकारांनाही पाठ होते. तरी अर्जातली मूळ मागणी बदलत नाही. माझे मूल मला मिळाले पाहिजे, ही ती मागणी. तिच्यातल्या हक्काचे स्वरूप काय, हा प्रश्न कोणत्याही कलमाच्या आधीचा आहे; तो धर्माचा आणि तत्त्वज्ञानाचा प्रश्न आहे. माझे म्हणणे असे की आईबापांचा मुलावर मालकीचा हक्क नसतो, त्यांच्याकडे असतो तो विश्वस्ताचा अधिकार. हा विचार बाहेरून उसना आणलेला नाही. आपल्या धर्मशास्त्रातल्या सर्वांत काटेकोर बुद्धीच्या लोकांनी तो मांडून ठेवला आहे. न्यायालये त्या दिशेने बरीच चालत आली आहेत, पण त्या विचारातून जे निघते ते सगळे अजून आपण मान्य केलेले नाही.

मुंबईत हा वाद किती जुना आहे हे पाहायचे तर १८४३ सालात जावे लागते. नारायण शेषाद्री हा स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकणारा ब्राह्मण तरुण त्या वर्षी ख्रिस्ती झाला. त्याचा धाकटा भाऊ श्रीपत, बाराएक वर्षांचा, रॉबर्ट नेस्बिट या मिशनऱ्याच्या घरी राहत होता. वडिलांनी मुंबईच्या तेव्हाच्या सुप्रीम कोर्टात धाव घेतली. मुलाला मिशनऱ्याकडेच राहायचे होते, पण न्यायमूर्ती सर अर्स्किन पेरी यांनी त्याला बापाच्या हवाली केले. स्वतःचे बरेवाईट ठरवण्याचे वय झालेले नाही, म्हणून मुलगा बापाचा, असा तो न्याय होता. पण पुढे जे घडले ते अधिक बोलके आहे. मिशनऱ्याच्या घरी जेवलेला हा मुलगा जातीत परत घ्यायचा की नाही यावरून मुंबईच्या ब्राह्मणांत तट पडले. बाळशास्त्री जांभेकरांनी प्रायश्चित्त देऊन त्याला घ्यावे ही बाजू उचलून धरली आणि त्यासाठी सनातन्यांचा रोष पत्करला. जांभेकरांची माणुसकी इथे उठून दिसते. तरीही या प्रकरणातला एकेक दावेदार पाहा. बाप म्हणतो माझा, मिशन म्हणते आता आमचा, जात म्हणते आमचा होता पण आता आहे की नाही ते आम्ही ठरवू. मुलाला काय हवे, त्याला कशाची भीती वाटते, थोरल्या भावापासून तोडल्याने त्याचे काय होईल, हे विचारणे निकालाला आवश्यकच वाटले नाही.

हे फक्त आपल्याकडचे मागासलेपण होते असे कोणी समजू नये. ॲनी बेझंट यांची मुलगी मेबल १८७८ मध्ये लंडनच्या न्यायालयाने आईकडून काढून बापाला दिली. आई नास्तिक होती आणि संततिनियमनावरचे पुस्तक तिने छापले होते, एवढी कारणे पुरेशी ठरली. आई म्हणून ती कशी वागली याबद्दल तक्रार नव्हती. त्याच बेझंटबाई पुढे मद्रासमध्ये दुसऱ्या बाजूला उभ्या राहिल्या. जे. कृष्णमूर्ती आणि त्यांचा भाऊ नित्यानंद यांचे पालकत्व वडील नारायणय्या यांनी बेझंटबाईंना १९१० मध्ये लिहून दिले होते. नंतर वडिलांनी मुले परत मागितली. मद्रासला बेझंट हरल्या, १९१४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलमध्ये जिंकल्या. मुलांना विचारल्याखेरीज, त्यांची बाजू कोणी मांडल्याखेरीज त्यांना हलवण्याचा हुकूम देणे चूक होते, असा त्या निकालाचा एक धागा आहे. दुसरा धागा माझ्या दृष्टीने त्याहून मोलाचा. बापाचे पालकत्व हा पवित्र विश्वास आहे, त्यामुळे तो हयातीत ते दुसऱ्याला कायमचे देऊन टाकू शकत नाही, असे प्रिव्ही कौन्सिलने म्हटले. जमीन विकता येते, कर्जाचा कागद दुसऱ्याच्या नावे करता येतो. पालकत्वाचे तसे करता येत नाही, कारण ते देणाऱ्याच्या मालकीचे कधी नव्हतेच.

हेच तर मीमांसकांनी शतकानुशतके आधी सांगितले होते. विश्वजित नावाच्या यज्ञात यजमानाने आपले सर्वस्व दान करायचे असते. मग जैमिनीच्या सूत्रांत, सहाव्या अध्यायाच्या सातव्या पादाच्या आरंभी, प्रश्न उभा राहतो: सर्वस्वात आईबाप, नातेवाईकही आले का? उत्तर असे की ज्यावर आपले स्वत्व आहे तेच देता येते. नाते म्हणजे स्वत्व नव्हे. याज्ञवल्क्य स्मृतीने दानाच्या प्रकरणात पत्नी आणि पुत्र वगळले आहेत. वगळण्याचे कारण काय यावर टीकाकारांत मतभेद झाले. काहींच्या मते मालकी आहे, पण देण्याला बंदी आहे. काहींच्या मते मुळात मालकीच नाही. नीलकंठ भट्टाने सतराव्या शतकात लिहिलेला व्यवहारमयूख हा दुसऱ्या पक्षाचा. जैमिनीचा आधार घेऊन तो सांगतो की बायकोमुलांवर पुरुषाचे स्वत्व नसते. दत्तकात मुलगा ‘दिला’ म्हणतात ते बोलण्यापुरते. आता हा ग्रंथ कोणा कोपऱ्यातला नाही. मुंबई बेट, गुजरात आणि उत्तर कोकण या भागांत इंग्रजी न्यायालयांनी मयूखाला विशेष प्रमाण मानले. महामहोपाध्याय काण्यांनी त्याची आवृत्ती काढली. ज्या साष्टी बेटावर आज अंधेरी, बोरीवली, मुलुंड, घाटकोपर पसरले आहेत ते याच उत्तर कोकणात येते. म्हणजे उपनगरांतला हिंदू बाप जेव्हा परंपरेच्या नावाने मुलावर पहिला हक्क सांगतो, तेव्हा त्याच्या स्वतःच्या प्रदेशाचा प्रमाणग्रंथ त्याच्या विरुद्ध साक्ष देतो.

यावर कोणीही जाणता वाचक म्हणेल की हे सोयीचे वेचे झाले. वसिष्ठ धर्मसूत्राने आईबापांना मूल देण्याचा, विकण्याचा, टाकण्याचाही अधिकार दिला आहे, फक्त एकुलता एक देऊ नये म्हटले आहे. मनुस्मृतीच्या नवव्या अध्यायात पीक बी पेरणाऱ्याचे की शेताच्या धन्याचे यावर लांबलचक ऊहापोह आहे, आणि दोन्हीकडून आई ही शेतच राहते. हे सगळे खरे आहे आणि ते झाकून चालणार नाही. परंपरेत दोन्ही आवाज आहेत. मात्र त्यांतला कोणता आवाज परंपरेने स्वतः तपासून, प्रतिपक्षाचे ऐकून मग स्वीकारला हे पाहिले पाहिजे. वसिष्ठाचे वचन एक अधिकार जाहीर करते. मीमांसा त्या अधिकाराचा पाया विचारते. आणि ऐतरेय ब्राह्मणातली शुनःशेपाची कथा तर त्या अधिकाराचे टोक काय असते हे दाखवण्यासाठीच सांगितल्यासारखी आहे. उपाशी अजीगर्ताला तीन मुलगे. बळीसाठी एक मागितल्यावर बापाने थोरला सोडला नाही, आईने धाकटा सोडला नाही, मधला शुनःशेप शंभर गाईंना विकला गेला. त्याला यूपाला, म्हणजे बळीच्या खांबाला, बांधायला कोणी तयार होईना, तेव्हा बापाने आणखी शंभर गाई घेऊन बांधले. मारायला आणखी शंभर घेऊन तोच सुरी परजून पुढे आला. देवांच्या स्तुतीने मुलगा सुटला आणि विश्वामित्राच्या मांडीवर जाऊन बसला. तेव्हा अजीगर्त म्हणतो, माझा मुलगा मला परत द्या. गाई परत करायचीही त्याची तयारी आहे. शुनःशेप नकार देतो: तुझ्या हातात सुरी पाहिली आहे, तीनशे गाई तू माझ्यापेक्षा मोठ्या मानल्यास. तो विश्वामित्राचा मुलगा म्हणून राहतो. जन्मदात्याचा दावा इथे ऐकला गेला, त्याचा पश्चात्तापही ऐकला गेला, आणि तरीही तो फेटाळला गेला. हा निकाल वेदवाङ्मयातच नोंदवलेला आहे.

आता कायद्याकडे येऊ. १८९० च्या कायद्याचे सतरावे कलम हित पाहायला सांगते, पण ‘मुलाला लागू असलेल्या व्यक्तिगत कायद्याशी सुसंगत राहून’. १९५६ च्या कायद्याचे तेरावे कलम हित सर्वोपरी म्हणते, आणि त्याच कायद्याचे सहावे कलम नैसर्गिक पालक म्हणून आधी बापाचे नाव घेते, त्याच्यानंतर आईचे. पाच वर्षांखालचे मूल मात्र साधारणपणे आईकडे राहील असे म्हणते. लेखिका गीता हरिहरन यांनी मुलाच्या नावे रिझर्व्ह बँकेचे रोखे घ्यायला अर्ज केला, तेव्हा बापाची सही लागेल असे उत्तर आले. १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहाव्या कलमाचा अर्थ रुंद केला: बाप हयात असला तरी तो मुलाची जबाबदारी घेत नसेल, तर आईही नैसर्गिक पालक ठरते. न्यायालयाने कलम वाचवले आणि अन्याय कमी केला; पण ज्या घरात दोघेही जबाबदारी घेतात तिथे कागदावर बाप आजही पहिला आहे. विधी आयोगाने मे २०१५ मधल्या २५७ व्या अहवालात हा क्रम काढून दोघांना समान पालक करा, संयुक्त ताब्याची तरतूद करा, असे सुचवले. कलम मात्र जसेच्या तसे आहे.

याच सहाव्या कलमाच्या शेवटी दोन अपात्रता आहेत, आणि त्यांच्याकडे फारसे कोणी लक्ष देत नाही. जो हिंदू राहिला नाही तो नैसर्गिक पालक होऊ शकत नाही. ज्याने वानप्रस्थ किंवा संन्यास घेऊन संसाराचा पूर्ण आणि कायमचा त्याग केला तोही होऊ शकत नाही. वरवर दोन्ही अटी धर्माच्या आहेत, पण त्यांचे तर्क एकमेकांपासून फार दूरचे आहेत. संन्याशाला वगळणे हे विश्वस्ताच्या कल्पनेशी जुळते: त्याने कर्तव्य सोडले, म्हणून कर्तव्यातून येणारा अधिकारही सुटला. धर्म बदललेल्या आईने किंवा बापाने मात्र काही सोडलेले नसते. ती आई पहाटे उठून डबा करते, अभ्यास घेते, तापात रात्रभर बसते. तिला वगळण्याचे कारण तिच्या पालनात सापडत नाही. ते सापडते मूल समाजाच्या मालकीचे आहे या समजुतीत. श्रीपत शेषाद्रीवर १८४३ मध्ये जात जो दावा सांगत होती, तोच या ओळीत शिल्लक आहे. तेराव्या कलमाच्या हिताच्या कसोटीने प्रत्यक्ष ताबा अशा पालकाला मिळू शकतो हे मान्य. पण कायद्याने एखाद्याच्या माथ्यावर आधी अपात्रता लिहायची आणि मग कोर्टाच्या दयाबुद्धीवर सोडायचे, यात न्याय नाही. या दोन अटींतली एक ठेवावी आणि दुसरी काढून टाकावी, असे माझे मत आहे.

हितावर एक जुना आक्षेप आहे आणि तो बळकट आहे. हित म्हणजे काय हे कोणी ठरवायचे? न्यायाधीशाच्या मनातले चांगले घर, चांगली आई, चांगला बाप हेच हित म्हणून निकालात उतरणार. बेझंटबाईंची मेबल हिताच्याच नावाने गेली होती. वन रूम किचनमध्ये राहणाऱ्या आईपुढे टॉवरमधल्या टू बीएचकेचा फोटो ठेवला जातो, रात्रपाळी करणाऱ्या आईच्या नोकरीचे तास मोजले जातात, आणि हे सगळे हिताच्या मथळ्याखाली. आक्षेप खरा आहे, पण त्याचे उत्तर हित सोडून हक्काकडे परत जाणे हे होऊ शकत नाही; हिताचा प्रश्न अधिक नेमका करणे हे होऊ शकते. विश्वस्ताला एकच प्रश्न विचारायचा असतो: ज्याच्यासाठी विश्वस्त आहेस त्याचे तू काय केलेस, आणि उद्या काय करशील? मुंबई हायकोर्टाने एप्रिल २०२४ मध्ये हाच प्रश्न नीट लावला. नऊ वर्षांच्या मुलीच्या ताब्यावरून बाप हायकोर्टात आला होता. आईच्या विवाहबाह्य संबंधांचा आरोप हा त्याचा मुख्य मुद्दा. न्यायालयाने सांगितले की व्यभिचार हे घटस्फोटाचे कारण होईल, ताबा नाकारण्याचे कारण होणार नाही. पत्नी म्हणून कोणी कमी पडले याचा अर्थ आई म्हणून कमी पडले असा नाही. जुलै २०२५ मध्ये औरंगाबाद खंडपीठापुढे नऊ वर्षांच्या मुस्लिम मुलाचा प्रश्न होता. सात वर्षांनंतर मुलगा बापाकडे, हा हिजानतचा नियम. न्यायालयाने व्यक्तिगत कायद्यापेक्षा मुलाचे स्वास्थ्य वर ठेवून त्याला आईकडे दिले. एका निकालात प्रतिष्ठेने आणि दुसऱ्यात धर्मनियमाने मुलाचा प्रश्न झाकला जात होता, आणि दोन्ही वेळा न्यायालयाने तो झाकू दिला नाही. हिजानतबद्दल एक गोष्ट मात्र सांगितली पाहिजे: सांभाळ आणि कायदेशीर पालकत्व या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे इस्लामी फिकहने फार पूर्वी ओळखले होते. वयाची रेघ आज अपुरी पडते, पण मुळातला भेद शहाणपणाचा होता.

विश्वस्तपणा मान्य केला की सर्वांत मोठा बदल व्हायला हवा तो ‘ॲक्सेस’मध्ये. कोर्टाच्या बोलीत एकाला कस्टडी मिळते, दुसऱ्याला ॲक्सेस मिळतो: दर शनिवारी अकरा ते पाच, महिन्यातून दोनदा ओव्हरनाइट, मे महिन्याची सुट्टी निम्मी-निम्मी, रोज संध्याकाळी व्हिडिओ कॉल. ही वाटणी पक्षकार हरल्या-जिंकल्याच्या भाषेत सांगतात. प्रत्यक्षात ती कशी दिसते? शनिवारी सकाळी घाटकोपरच्या मॉलच्या दाराशी एक आई आणि आठ-नऊ वर्षांचा मुलगा. मुलाच्या पाठीवर शाळेचेच दप्तर, त्यात एक टी-शर्ट, पाण्याची बाटली आणि सोमवारी द्यायची प्रोजेक्टची वही. बाप मेट्रोच्या जिन्यावरून उतरतो. आईबाप एकमेकांकडे न बघता मोबाइलवर वेळेचा मेसेज टाकतात, कारण पुढच्या तारखेला तो दाखवावा लागतो. मुलगा आईचा हात आधी सोडत नाही आणि मग एकदम सोडतो, कारण कोणासमोर किती आनंद दाखवायचा हे त्याला कळलेले असते. त्याच दिवशी बोरीवलीला त्याच्या मित्राचा वाढदिवस आहे किंवा मैदानावर मॅच आहे, हे हुकुमात कुठेच नाही. भेट हा बापाचा हक्क धरला तर मॅचसाठी दिवस बदलणे म्हणजे हक्क सोडणे होते, आणि कोणी हक्क सोडत नाही. भेट हे मुलाचे देणे धरले तर दिवस बदलणे सोपे होते. उलट बाजूने, मुलाला भेटीला न पाठवणारी आई मग नवऱ्याचा सूड घेत नसते, मुलाचे देणे बुडवत असते. आणि ठरलेल्या शनिवारी न येणारा बाप आपला हक्क वापरत नसतो एवढेच नाही, तोही तेच करत असतो. आज भेट अडवणाऱ्याविरुद्ध अवमानाचा अर्ज होतो. भेटीला न फिरकणाऱ्याला कोणी काही विचारत नाही. हा फरक मालकीच्या विचारातून आला आहे.

मालकीचा विचार हद्दीतही दिसतो. अर्ज कुठे करायचा हे मूल ‘सामान्यतः’ कुठे राहते यावर ठरते. मुलुंडचा चेकनाका ओलांडला की वांद्र्याऐवजी ठाण्याचे कोर्ट येते. मूल रातोरात मामाकडे किंवा आजीकडे हलवायचे, तिथल्या शाळेत नाव घालायचे आणि मग आपल्या सोयीच्या कोर्टात जायचे, हा डाव दोन्ही बाजूंचे लोक खेळतात. वर्षाच्या मध्यात शाळा, वर्गातले मित्र, बिल्डिंगमधली सवंगडी मंडळी एका फटक्यात जातात, आणि अर्जात मात्र हितावर पानेच्या पाने असतात.

इथे दोन आक्षेप येतात आणि दोन्ही गंभीर आहेत. पहिला असा की भेट हे मुलाचे देणे म्हटले तर मारहाण करणाऱ्या बापाकडेही मूल पाठवावे लागेल. तसे होत नाही. देणे मुलाचे आहे म्हणूनच ते मुलाला जाचक होते तिथे थांबते. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याचे एकविसावे कलम दंडाधिकाऱ्याला अशी भेट नाकारायला सांगतेच. बापाचा हक्क म्हणून भेट मागितली तर तो हिरावून घ्यायला त्याचा गुन्हा सिद्ध होईपर्यंत वाट पाहावी लागेल, मुलाचे हित म्हणून पाहिले तर धोक्याची सबळ शक्यता पुरते. दुसरा आक्षेप तात्त्विक आहे: आईबाप मालक नसतील तर सरकार मालक होईल, आणि हुकूमशाही राजवटींनी मुलांचे काय केले हे जगाने पाहिले आहे. पण मालकी नाकारणे म्हणजे ती दुसऱ्याला देणे नव्हे. कांटने लिहिले आहे की आईबाप एका व्यक्तीला तिच्या संमतीशिवाय जगात आणतात, म्हणून तिला आपली निर्मिती किंवा मालमत्ता मानता येत नाही, उलट तिचे देणे लागते. हे देणे पहिल्यांदा लागते ते जन्म देणाऱ्यांना, म्हणून पहिला अधिकारही त्यांचाच. शासनाचा हात फक्त ते देणे बुडते तिथे पोचतो. न्यायालयही मुलाचे मालक होत नाही याची खूण कायद्यातच आहे: ताब्याचा कोणताही हुकूम कायमचा नसतो, परिस्थिती बदलली की तो बदलता येतो. मुले ही आईबापांची वस्तू नाहीत की खेळणी नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्येच सांगितले आहे.

मग मुलालाच विचारा आणि सोडून द्या, असे म्हणणारे पुष्कळ आहेत. १८९० च्या कायद्यातल्या सतराव्या कलमाच्या तिसऱ्या पोटकलमानुसार समज आलेल्या मुलाची इच्छा न्यायाधीश लक्षात घेऊ शकतो, आणि वांद्र्यालाही न्यायाधीश मुलांशी चेंबरमध्ये एकांतात बोलतात, कौन्सेलर बोलतात. हे चालूच राहिले पाहिजे. श्रीपतच्या वेळी जे झाले नाही ते आता होते, ही मोठी मजल आहे. पण ऐकणे वेगळे आणि निवड मुलावर टाकणे वेगळे. दहा वर्षांच्या मुलीला आई की बाबा असे विचारणे म्हणजे दोघांपैकी एकाला तिने टाकले असे तिच्या माथी मारणे. शिवाय ज्याच्या घरी ती राहते त्याच्या मनातले ती बोलते, हे कौन्सेलरना चांगले माहीत असते. म्हणून शुनःशेपाच्या कथेतला क्रम महत्त्वाचा. तो यूपाला बांधलेला असताना त्याला कोणी विचारले नाही की तुला कोण हवे. आधी दोर सुटले, मग तो बोलला. मुलाचे मत घ्यायचे तर आधी त्याला काही आठवडे दोन्ही घरांत निर्भय राहता आले पाहिजे, शिकवून पाठवण्याचा दाब कमी झाला पाहिजे, आणि निकाल मोठी माणसे देणार आहेत हे त्याला स्पष्ट सांगितले पाहिजे.

उरला मुलाच्या धर्माचा प्रश्न. मिश्र विवाहांच्या या उपनगरांत तो रोजचा आहे. दावा चालू असताना आई मुलाचा बाप्तिस्मा करून घेते, बाप घाईने मुंज लावतो, एखाद्या घरात सुंता उरकली जाते, आणि मग तो विधी आमच्याच संस्कारात मूल वाढते आहे याचा पुरावा म्हणून कोर्टात मांडला जातो. १८७१ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने मूल बापाच्या धर्माचे मानले होते. आज तसे मानायला आधार नाही. माझ्या मते दोन्ही घरांतली रोजची पूजा, प्रार्थना, नमाज, सणवार मुलाला मोकळेपणी पाहू द्यावे, त्यात भाग घेऊ द्यावा. दोन श्रद्धा पाहिल्याने मूल गोंधळते ही भीती मला पटत नाही. मुले गोंधळतात ती एका घरी दुसऱ्या घराची निंदा ऐकून. पण परत फिरवता येणार नाही असा विधी दुसऱ्या पालकाच्या संमतीशिवाय किंवा कोर्टाच्या परवानगीशिवाय होऊ नये, असे अंतरिम हुकुमातच लिहिलेले असावे.

आणि दोघांची संमती असेल तर? इथे विश्वस्तपणाच्या विचाराची खरी कसोटी लागते, आणि ती आपल्याच गल्लीत लागते. घाटकोपर, मुलुंड, बोरीवली इथल्या जैन समाजात लहान मुलांच्या दीक्षेचा प्रश्न जुना आहे. सयाजीराव गायकवाडांच्या बडोदे संस्थानाने १९३३ मध्ये अज्ञान मुलांच्या संन्यासदीक्षेवर कायद्याने बंधन घातले. १९५५ मध्ये मुंबईच्या विधानसभेत प्रभुदास पटवारी यांनी तसेच विधेयक आणले. मोठा विरोध झाला आणि ते मंजूर झाले नाही. दीक्षेच्या बाजूचे लोक जे सांगतात ते आदराने ऐकले पाहिजे. वैराग्य वयावर अवलंबून नसते, आत्म्याचे संस्कार जन्मांतरीचे असतात, आचार्य हेमचंद्रांनी बालवयातच दीक्षा घेतली, शंकराचार्यांबद्दलही परंपरा तसेच सांगते. ज्याची या तत्त्वांवर श्रद्धा आहे त्याच्याशी वाद घालायला मी उभा नाही. पण त्याच श्रद्धेचा आधार घेऊन एक प्रश्न विचारता येतो. आत्मा स्वतःच्या कर्माने स्वतःची वाट चालत असेल, तर त्याच्या वतीने संघाला लेखी अनुमती देणारे आईबाप नेमके काय देत आहेत? त्यांच्यापाशी जे नाही ते. वैराग्य खरे असेल तर अठरा वर्षांनंतरही ते खरेच राहील. तोवर मुलाने साधूंच्या सहवासात शिकावे, उपवास करावेत, पायी विहाराला जावे, यात कोणाला आड यायचे कारण नाही. घर, शाळा आणि माघारीची वाट एवढे मात्र उघडे राहिले पाहिजे.

परस्परसंमतीच्या घटस्फोटात कन्सेंट टर्म्स दाखल होतात, तेव्हा फ्लॅट, दागिने, पोटगी यांवर कोर्ट सहसा पक्षकारांचा शब्द घेते, आणि मुलाबाबतचे कलम मात्र स्वतः वाचते, कारण तिथे आईबापांचे एकमत झाले म्हणून ते मुलाच्या हिताचे ठरत नाही. हाच नियम एकत्र नांदणाऱ्या घरांतल्या दीक्षेला, बालविवाहाला, शाळा सोडवण्याला लावायला वेगळे तत्त्वज्ञान लागत नाही. अर्ज करणारा आजोबा असो, मावशी असो की शाळेची मुख्याध्यापिका, कोर्टाने त्याला तुझा या मुलावर हक्क काय असे विचारू नये. या मुलाचे काय बुडते आहे, एवढे विचारावे आणि त्या मुलाला चेंबरमध्ये बोलावून, त्याच्याशी एकट्याशी बोलावे.